जपानी मालिकांवर प्रेक्षकांच्या आणि समीक्षकांच्या मताचा परिणाम नेमका कुठे होतो?

प्रश्न असा आहे: जपानी मालिका चालू असताना प्रेक्षक जे बोलतात आणि समीक्षक जे लिहितात त्यानं कथा बदलते का, की शेवटी सगळं रेटिंगच ठरवतं? आणि भारतात बसून बघणाऱ्यानं त्या गुणांवर कितपत विसंबावं?

मी जपानी मालिकांच्या सबटायटल्सचं काम करते. भाग दाखवून झाला की तिथल्या लोकांच्या प्रतिक्रिया वाचणं हा माझ्या कामाचाच भाग आहे. एखादं वाक्य तिथल्या बाईला का झोंबलं हे कळल्याशिवाय ते दुसऱ्या भाषेत नीट उतरत नाही. इतक्या वाचनानंतर माझं मत पक्कं झालं आहे: चालू मालिकेची कथा लोकांच्या मतानं फार क्वचित बदलते. बदलतं ते त्यानंतरचं. दुसरा सीझन येणार का, सिनेमा निघणार का, लेखिकेला पुढची वेळ कुठली मिळणार, कुठला निर्माता धाडस करायला मोकळा राहणार, हे सगळं त्या मतांवर ठरतं.

आपल्याकडच्या दैनंदिन मालिकांची सवय असली की हे पटायला जड जातं. मराठी मालिकेचा टीआरपी घसरला की महिन्याभरात नवी खलनायिका घरात येते, कुणाचं तरी लग्न निघतं, नाहीतर कथा सरळ पाच वर्षं पुढे उडी मारते. जपानमध्ये त्या उडीला जागाच नसते. तिथे वर्षाचे चार हंगाम असतात: जानेवारी, एप्रिल, जुलै आणि ऑक्टोबरला सुरू होणारे. आठवड्याला एक भाग, दहा-अकरा भागांत कथा संपते आणि त्या वेळेवर पुढच्या हंगामाची मालिका आधीच ठरलेली असते. नटांच्या तारखा त्याप्रमाणे दिलेल्या असतात. लोकांना एखादं पात्र कितीही आवडलं तरी मालिका पन्नास भाग लांबवता येत नाही.

तरीही थोडी फट असते. चित्रीकरण प्रसारणाच्या काही आठवडे आधीच सुरू होतं, त्यामुळे पहिला भाग दिसतो तेव्हा शेवटचे भाग बऱ्याचदा अजून चित्रित व्हायचे असतात. हे वेळापत्रक किती ताणलेलं असतं ते २०२० मध्ये उघड दिसलं. टीबीएस वाहिनीच्या ‘हान्झावा नाओकी’ या बँकेतल्या मालिकेचं दुसरं पर्व कोरोनामुळे उशिरा सुरू झालं आणि मध्येच चित्रीकरण मागे पडलं. ६ सप्टेंबरला दाखवायला भागच तयार नव्हता, म्हणून त्या रविवारी कलाकारांना स्टुडिओत बसवून थेट गप्पांचा कार्यक्रम केला. त्या गप्पांनाही २२.२ टक्के रेटिंग मिळालं. इतक्या घाईत काम चालतं, तेव्हा प्रतिक्रिया वाचून एखादं दुय्यम पात्र थोडं जास्त वेळ पडद्यावर ठेवणं, लोकांना आवडलेला संवाद पुन्हा वापरणं, एवढं जमतं. कथेचा कणा मात्र तसाच राहतो.

‘हान्झावा’तच लोकांच्या पसंतीचं उत्तम उदाहरण आहे. २०१३ चं पहिलं पर्व १९.४ टक्क्यांवर सुरू झालं आणि शेवटचा भाग कांतो विभागात, म्हणजे टोकियो आणि आसपासच्या भागात, ४२.२ टक्क्यांवर गेला. बँकेतला खलनायक ओवादा, कागावा तेरुयुकीनं रंगवलेला, लोकांनी डोक्यावर घेतला. दुसरं पर्व ज्या कादंबऱ्यांवर बेतलं होतं त्यांत ओवादा नव्हताच. तरी २०२० मध्ये तो परत आला, आणि नुसता आला नाही, निम्मी मालिका खाऊन गेला. सात वर्षं लोकांनी त्याच्या नकला केल्या त्याचं हे फळ. अभिप्रायाचा परिणाम असाच उशिरा आणि मोठा होतो.

आता रेटिंगबद्दल. व्हिडिओ रिसर्च ही कंपनी १९६२ पासून हे मोजते. कित्येक वर्षं कांतोचा आकडा फक्त ६०० घरांवरून काढला जायचा. पुढे घरं वाढली, २०१६ पासून रेकॉर्ड करून नंतर बघणारे धरले जाऊ लागले आणि २०२० पासून घराऐवजी माणूस मोजण्यावर भर आला. जाहिरातदाराला आज ‘किती घरं’ यापेक्षा ‘१३ ते ४९ वयाचे किती’ हे जास्त हवं असतं. म्हातारी माणसं टीव्हीसमोर बसतात आणि तरुण फोनवर नंतर बघतात, म्हणून जुना आकडा आता अर्धीच गोष्ट सांगतो.

रेटिंगची कुऱ्हाड पडते ती मालिकेच्या लांबीवर. २०१२ च्या वसंतात फुजी टीव्हीवर नट ओदागिरी जोची ‘काझोकु नो उता’ आली. आकडे पार घसरले आणि अकरा भागांची मालिका आठ भागांत गुंडाळली. हे जपानमध्ये अपमानाचं मानतात, कारण वर्तमानपत्रांत ‘उचिकिरी’, म्हणजे मध्येच बंद, असं छापून येतं आणि नटाच्या नावाला ते कायमचं चिकटतं. म्हणूनच वाहिन्या हे सहसा टाळतात, पडता आकडा सोसून दहावा भाग गाठतात.

दुसरा दबाव प्रायोजकांमार्फत येतो, आणि तो रेटिंगपेक्षा वेगानं येतो. २०१४ च्या जानेवारीत निप्पॉन टीव्हीनं ‘आशिता, मामा गा इनाइ’ सुरू केली, अनाथ मुलांच्या एका घराची गोष्ट. त्यात एका मुलीला तिचे सोबती ‘पोस्ट’ म्हणून हाक मारतात, कारण तिला तान्ही असताना नवजात मुलांसाठीच्या पाळण्यात सोडलं होतं, आणि त्या पाळण्याला तिथे ‘बाळांची पोस्ट’ म्हणतात. तसा पाळणा खरोखर चालवणाऱ्या कुमामोतोच्या जिकेई रुग्णालयानं आणि बालगृहांच्या संघटनेनं हरकत घेतली. काही दिवसांत सगळ्या प्रायोजकांनी जाहिराती काढून घेतल्या. तिसऱ्या भागापासून मधल्या वेळात सामाजिक संदेश आणि वाहिनीच्याच पुढच्या कार्यक्रमांच्या झलका दिसत होत्या. मालिका बंद झाली नाही, नवव्या भागापर्यंत चालली. मुलांची कामं अप्रतिम होती, मी ती मालिका आजही सुचवते. पण बालगृहात राहणाऱ्या खऱ्या मुलांना शाळेत त्या टोपणनावानं कुणी चिडवलं तर काय, हा संघटनेचा प्रश्नही मला तितकाच रास्त वाटतो.

आता तुमच्या प्रश्नातला सगळ्यात रंजक भाग: सर्वसामान्य प्रेक्षकांचं बोलणं. इथे ‘ओस्सान्स लव्ह’ नीट बघायला हवी, कारण तिच्यात चांगलं-वाईट दोन्ही सापडतं.

२०१६ च्या डिसेंबरमध्ये टीव्ही आसाहीनं एक सुटा भाग केला. जमीन-घरांच्या कंपनीतला बावळट हारुता, त्याच्या प्रेमात पडलेला पन्नाशी ओलांडलेला साहेब कुरोसावा मुसाशी आणि हारुतावर प्रेम करणारा एक तरुण सहकारी. २०१८ च्या एप्रिलमध्ये त्याची सात भागांची मालिका झाली, शनिवारी रात्री सव्वाअकराला. आता तरुण सहकाऱ्याचं नाव होतं माकी. रेटिंग साधारण चार टक्के, म्हणजे जुन्या हिशेबानं दुर्लक्ष करण्याजोगं. पण निर्मात्यांनी कुरोसावा साहेबाच्या नावानं एक इन्स्टाग्राम खातं उघडलं. साहेब चोरून काढलेले हारुताचे फोटो तिथे टाकतो, खाली लाजत-लाजत दोन ओळी लिहितो. लोक त्या फोटोंखाली साहेबालाच धीर द्यायला लागले. शेवटच्या भागाच्या रात्री मालिकेचा हॅशटॅग जगभरात ट्विटरवर सर्वात वर होता. मी त्या रात्रीच्या पोस्ट वाचल्या आहेत: ओसाकातली नर्स रात्रपाळीच्या मधल्या सुट्टीत लिहिते आहे, कुणी गृहिणी नवरा झोपल्यावर आवाज बंद करून बघते आहे. ही माणसं चार टक्क्यांत कुठे दिसणार?

त्या बोलण्यानं २०१९ च्या ऑगस्टमध्ये सिनेमा आणला. मग नोव्हेंबरमध्ये वाहिनीनं पुढचं पर्व केलं, पण विमानतळावर, सगळी पात्रं नव्यानं मांडून, आणि त्यात माकीच नव्हता. हारुता आणि माकीच्या जोडीत जीव गुंतलेले चाहते नाराज झाले आणि ती नाराजी त्यांनी लपवली नाही. ते पर्व ठरल्याप्रमाणे पूर्ण झालं, एकही प्रसंग चाहत्यांसाठी फिरवला नाही. पण २०२४ च्या जानेवारीत ‘रिटर्न्स’ आली ती मूळ तिघांना घेऊन, सिनेमा जिथे संपला त्याच्या पुढून. तक्रारीचं उत्तर मिळालं, पण चार वर्षांनी. चाहत्यांच्या मताला जपानी टीव्हीत किती वजन असतं आणि ते किती सावकाश काम करतं, हे मला याहून स्पष्ट कुठे दिसलेलं नाही.

हाच जोर २०२२ मध्ये मोठ्या वेळेवर पोहोचला. फुजी टीव्हीची ‘सायलेंट’, तरुणपणीच ऐकू येईनासं झालेल्या मुलाची आणि त्याच्या जुन्या मैत्रिणीची गोष्ट, घरगुती रेटिंगमध्ये एक अंकीच राहिली. पण टीव्हर या मोफत ऑनलाइन सेवेवर तिनं त्या वेळचे विक्रम मोडले. गुरुवारी रात्री भाग संपला की शुक्रवारी सकाळी ऑफिसात ज्यांनी बघितला नाही ते गप्पांत मागे पडायचे, म्हणून लोक ट्रेनमध्ये बघायचे. ती लिहिणारी उबुकाता मिकु तेव्हा अगदी नवखी होती, फुजीच्याच नव्या लेखकांच्या स्पर्धेतून आलेली. २०२३ मध्ये तिला लगेच दुसरी मूळ कथा मिळाली आणि २०२४ च्या जुलैत सोमवारी रात्री नऊची वेळ, जी फुजीत सर्वात मानाची समजतात. लोकांच्या बोलण्यानं कुणाचं आयुष्य बदललं असेल तर ते त्या लेखिकेचं.

काही निर्मात्यांनी लोकांचं बोलणं मालिकेच्या रचनेतच धरलं. २०१९ ची ‘अनाता नो बान देसु’ ही इमारतीतल्या खुनांची साखळी, सलग दोन हंगाम चालली. खुनी कोण यावर घराघरांत तर्क सुरू झाले, याला तिथे ‘कोसात्सु’ म्हणतात, आणि रेटिंग शेवटाकडे चढत गेलं. २०२३ च्या ‘विवांत’नं तर कथेबद्दल जवळजवळ काहीच न सांगता सुरुवात केली, म्हणजे तर्क करायला मोकळं रान. मला या प्रकारात एक भीती वाटते. लेखक प्रेक्षकाला चकवण्यात गुंततो आणि पात्रं बुद्धिबळाच्या सोंगट्या होतात. ‘अनाता नो बान देसु’च्या शेवटाबद्दल लोकांची निराशा बरीचशी यातूनच आली असं माझं मत आहे: इतके महिने लोकांनी स्वतः रचलेले शेवट खऱ्या शेवटापेक्षा सरस होते.

समीक्षकांकडे वळते. जपानमध्ये टीव्हीवर गंभीरपणे लिहिण्याची परंपरा जुनी आहे. आसाही वर्तमानपत्रात टीव्हीच्या पानावर वाचकांची छोटी पत्रं येतात, योमिउरीत तसंच सदर आहे, आणि वाहिन्यांतली माणसं ती वाचतात. नव्वदच्या दशकात नान्सी सेकी नावाची बाई खोडरबरावर टीव्हीतल्या चेहऱ्यांचे ठसे कोरायची आणि खाली असं काही लिहायची की त्या नटाकडे पुन्हा पूर्वीसारखं बघताच येऊ नये. २००२ मध्ये ती अवघ्या ३९ व्या वर्षी गेली. तिच्यानंतर तसा एकट्याच्या नावावर चालणारा दरारा कुणाला लाभला नाही. आज समीक्षकांची ताकद पुरस्कारांमध्ये आहे.

गॅलक्सी पुरस्कार १९६३ पासून दिला जातो. देणारी संस्था समीक्षकांची, आणि दर महिन्यालाही त्यांची निवड येते, म्हणजे मालिका ताजी असतानाच तिच्यावर शिक्का बसतो. पटकथाकारांसाठी मुकोदा कुनिको पुरस्कार आहे. १९८१ मध्ये विमान अपघातात गेलेल्या लेखिकेच्या नावानं तो लगेच पुढच्या वर्षी सुरू झाला. तोक्यो ड्रामा अवॉर्ड २००८ पासूनचा, तो जपानबाहेर दाखवण्याजोगं काय यावर डोळा ठेवून देतात.

यांचा उपयोग काय, ते पटकथालेखिका नोगी आकिकोच्या दोन मालिकांत दिसतं. २०१६ मध्ये तिनं आरागाकी युईला घेऊन करारावर लग्न करणाऱ्या जोडप्याची ‘निगेहाजी’ लिहिली. १०.२ टक्क्यांवरून सुरू होऊन ती २०.८ वर संपली, प्रत्येक भागाच्या शेवटचा नाच शाळकरी मुलांपासून अमेरिकेच्या राजदूतापर्यंत सगळ्यांनी केला. दोन वर्षांनी तीच लेखिका, तीच नायिका, ‘केमोनो नि नारेनाइ वाताशिताची’. लोक दुसरी ‘निगेहाजी’ बघायला बसले आणि समोर आली ऑफिसात रोज थोडी-थोडी संपत जाणारी बाई. नायिका प्लॅटफॉर्मवर उभी आहे आणि येणाऱ्या गाडीकडे तिचं शरीर नकळत झुकतं, असं दृश्य पहिल्याच भागात आहे. दिवसभर राबून आलेल्या माणसाला रात्री दहाला हे सोसवत नाही, अशा प्रतिक्रिया भरून आल्या, रेटिंग एक अंकी झालं. आणि मुकोदा पुरस्कार तिला याच मालिकेसाठी मिळाला. प्रेक्षक चुकले असं मी म्हणणार नाही, त्यांना खरंच त्रास झाला होता. पण तो त्रास लेखणीच्या ताकदीचाच होता आणि समीक्षकांनी ते ओळखलं.

२०२२ ची ‘एल्पिस’ हे आणखी एक असंच काम. फाशीची शिक्षा झालेला माणूस निर्दोष असावा असं वाटून एक टीव्ही निवेदिका आपल्याच वाहिनीशी झगडते. निर्माती सानो आयुमीनं ती आधी टीबीएसमध्ये मांडली होती, तिथे नाकारली गेली, ती नोकरी सोडून कान्साई टीव्हीत गेली आणि तिथे केली. रेटिंग साधारणच. गॅलक्सीचा सर्वोच्च पुरस्कार तिला मिळाला. अशा पुरस्कारानं पुढच्या निर्मात्याला वरिष्ठांसमोर बोलायला तोंड मिळतं, आणि टीव्हीच्या कचेरीत ही लहान गोष्ट नाही.

एनएचके या सार्वजनिक वाहिनीचं गणित निराळं. तिथे जाहिरात नाही, घराघरांतून वर्गणी येते. सकाळी आठला पंधरा मिनिटांची मालिका असते आणि ती संपताच सव्वाआठला ‘आसाइची’ हा थेट कार्यक्रम सुरू होतो. त्याचे निवेदक पहिल्या काही सेकंदांत नुकत्याच संपलेल्या भागावर बोलतात, कधी रडवेल्या डोळ्यांनी, कधी नुसतं एकमेकांकडे बघून. देशभर तोच पहिला अभिप्राय. ‘आमाचान’च्या वेळी, २०१३ मध्ये, व्यावसायिक चित्रकारही रोज पात्रांची चित्रं काढून टाकायचे आणि मालिका संपल्यावर लोकांना खरंच पोरकं वाटलं. उलट २०२२ च्या ‘चिमुदोन्दोन’ला रोज सकाळी ‘आत्मपरीक्षण सभा’ अशा अर्थाचा हॅशटॅग लागला आणि नायिकेच्या भावाच्या बेजबाबदारपणावर लोक तुटून पडले. काही बदललं नाही. सकाळच्या मालिकेचं चित्रीकरण कित्येक आठवडे पुढे असतं, तक्रार पोहोचेपर्यंत तो भाग डब्यात बंद झालेला असतो. तरी मंडळी सहा महिने रोज बघत राहिली, रागावण्यासाठीच. सरासरी १५.८ टक्के.

या राग काढण्याला आता यंत्रासारखी गती आली आहे. चार-पाच पोस्ट जोडून क्रीडा दैनिकांच्या संकेतस्थळांवर ‘नेटवर संतापाची लाट’ अशी बातमी होते, घरबसल्या लिहिलेली. मग बातमीखालच्या शेरेबाजीची नवी बातमी. २०२३ च्या शेवटी ‘सेक्सी तानाका-सान’च्या वेळी याचं टोक गाठलं गेलं. ही मालिका एका मंगावर, म्हणजे जपानी चित्रकथेवर, बेतलेली होती आणि मूळ मंगाच्या लेखिकेनं शेवटचे दोन भाग स्वतः लिहिले होते. पटकथालेखिकेनं त्याबद्दल जाहीर लिहिलं, मंगाच्या लेखिकेनं जानेवारीत आपली बाजू मांडली, आणि अनोळखी लोक बाजू घेऊन तुटून पडले. काही दिवसांत मंगाची लेखिका या जगात नव्हती. मे २०२४ मध्ये निप्पॉन टीव्हीनं चौकशीचा अहवाल काढला आणि तेव्हापासून मूळ लेखकाशी काय ठरलं ते लेखी ठेवण्याबद्दल सगळ्याच वाहिन्या सावध आहेत. मत मांडणं आणि माणसावर धावून जाणं यातला फरक प्रत्येकानं पोस्ट लिहिताना धरायलाच हवा, असं मला मनापासून वाटतं.

त्याच जानेवारीत टीबीएसनं ‘फुतेकिसेत्सु नि मो होदो गा आरु!’ सुरू केली, १९८६ चा तोंडाळ व्यायामशिक्षक आजच्या काळात येतो ती. पडद्यावर मधूनच सूचना यायची की ही भाषा आज अयोग्य आहे, पण त्या काळाला धरून मुद्दाम ठेवली आहे. तक्रार येण्याआधीच तिला मालिकेत जागा करून दिली होती. लेखक कुदो कानकुरोची ही युक्ती मला फार आवडली.

आता तुम्ही इथून बघताना काय धरावं? सुरुवातीच्या आठवड्याचे गुण सोडून द्या. नायक एखाद्या गायकगटातला असेल तर त्याचे चाहते पहिल्या रात्रीच पूर्ण गुण देऊन जातात. फिल्मार्क्स या प्रेक्षकांनी गुण देण्याच्या जपानी संकेतस्थळावर शेवटापर्यंत टिकलेलेच गुण देतात, म्हणून तिथे आकडा थोडा फुगतो. मी चौथ्या भागाच्या आसपास ओरिकॉन या कंपनीचं प्रेक्षकांच्या समाधानाचं सर्वेक्षण बघते आणि ते वर चढताना दिसलं तर मालिका धरते. गॅलक्सीची मासिक निवड असेल तर रेटिंग न बघताच धरते. रात्री उशिराच्या मालिकांकडे खास लक्ष ठेवा. ‘शिन्या शोकुदो’ २००९ मध्ये तशीच रात्री सुरू झाली आणि २०१६ मध्ये नेटफ्लिक्सनं उचलली. ‘कोदोकु नो गुरुमे’ २०१२ पासून तोंडोतोंडी पसरत दहा पर्वं आणि सिनेमापर्यंत गेली.

आणि एखादी मालिका मनापासून आवडली असेल तर ती अधिकृत सेवेवरच बघा, संपेपर्यंत बघा आणि बोलताना मूळ हॅशटॅग जपानी लिपीत लावा. चोरून चढवलेल्या प्रतीखाली दिलेले तारे निर्मात्यापर्यंत जात नाहीत. अधिकृत सेवेवर भारतातून किती जणांनी शेवटचा भाग पूर्ण बघितला, हा आकडा मात्र मालिका विकत घेणाऱ्या सेवेकडे असतो, आणि पुढच्या पर्वाचे हक्क घ्यायचे की नाहीत हे ठरवताना तो पुढ्यात ठेवला जातो.